ऑप्सल, आर्वे
(१४ एप्रिल १९२१–२९ एप्रिल २००७). नॉर्वेजियन चरित्र अभिनेते. जन्म ट्रॉन्डहाइम येथे. नाटक आणि रेव्ह्यू (गाणी व विनोदी प्रवेशांचा रंगमंचीय खेळ) या दोन्हींत ते वावरले. तरीही नॉर्वेत त्यांचे नाव निघाले की आठवतो तो एगॉन ओल्सेन : काळी गोल हॅट, ओठांत चिरूट आणि खिशात तयार बेत.

‘ओल्सेनबांडेन’ (ओल्सेनची टोळी) ही मालिका मूळची डॅनिश. एरिक बालिंग यांनी ती १९६८ मध्ये सुरू केली. तेथे एगॉनची भूमिका ओव्ह स्प्रोगे यांची होती. पुढच्याच वर्षी नॉर्वेने आपली आवृत्ती काढली. बहुतेक चित्रपटांचे दिग्दर्शन क्नुट बोहविम यांनी केले. १९६९ ते १९९९ या काळात असे चौदा चित्रपट निघाले आणि चौदाही चित्रपटांत एगॉन ऑप्सलच होते.

कथेचा साचा ठरलेला. एगॉन तुरुंगातून सुटतो, फाटकाशी बेनी (स्व्हेरे होल्म) आणि शेल (कार्स्टेन ब्यूरिंग) वाट पाहत असतात. ‘फ्रान्झ येगर’ बनावटीची तिजोरी स्टेथॉस्कोप आणि बोटांच्या साहाय्याने उघडण्यात एगॉनचा हात धरणारा कोणी नाही. सेकंदासेकंदाची आखणी होते, माल हाती येतो आणि कोणाच्या तरी वेंधळेपणामुळे निसटतो. एगॉनची स्वारी बहुधा पुन्हा गजाआड.

एवढे ठरीव कथानक चौदा वेळा पाहवते, याचे बरेचसे श्रेय ऑप्सल यांना द्यावे लागेल. हसवण्याची खटपट ते करीतच नाहीत. एखाद्या कडक हेडमास्तरने नापासांचा वर्ग सांभाळावा तसा त्यांचा एगॉन साथीदारांना सांभाळतो. स्वतःच्या थोरवीविषयी त्याला तिळमात्र शंका नसते, म्हणून त्याचा संताप हाच विनोद ठरतो. भोवतालचा गोंधळ इतरांकडे : शेलची बायको वालबोर्ग (औद शोनेमान) आणि बेनीचा दारुडा भाऊ डायनामाइट-हॅरी (हाराल्ड हाइदे-स्टीन ज्युनियर). मूळ डॅनिश मालिकेत अधूनमधूनच डोकावणारा हा हॅरी नॉर्वेत मात्र मुख्य मंडळींत जाऊन बसला.

सत्तरी ओलांडल्यावर त्यांना नवा प्रेक्षक मिळाला तो दूरचित्रवाणीवर. ‘मूट इ ब्रस्ते’ (१९९३–९७) या विनोदी मालिकेत निल्स फोग्ट आणि स्वेन नुर्दिन या बऱ्याच तरुण नटांसोबत ते हेन्री झाले. ओल्सेनच्या टोळीशी ज्यांची ओळख नव्हती, अशी मुलेही त्यांना ओळखू लागली.

टोळीचा शेवटचा चित्रपट १९९९ मध्ये आला, तेव्हा ब्यूरिंग हयात नव्हते. त्यांचे निधन १९९० मध्ये झाले होते. उरलेले चौघे लागोपाठच्या चार वर्षांत गेले : होल्म २००५, शोनेमान २००६, ऑप्सल २००७ आणि हाइदे-स्टीन २००८.