मुसलमान मुलगा शाळेपासून दूर का राहिला?

१९ ऑक्टोबर १८८२ रोजी महात्मा जोतीराव फुले यांनी हंटर शिक्षण आयोगापुढे आपले निवेदन सादर केले. शूद्रातिशूद्रांची मुले शाळेत का टिकत नाहीत याची कारणे त्यांनी त्यात रोखठोक सांगितली आहेत. बापाला गुरे राखायला आणि शेतावर पोराचे हात हवे असतात, शिक्षक बहुतेक ब्राह्मण असतात, आणि शाळेत जे शिकवले जाते त्याचा शेतकऱ्याच्या जगण्याशी संबंध नसतो. मुसलमानांविषयी मात्र ते दोन-तीन वाक्यांपलीकडे जात नाहीत. हा समाज का कोण जाणे शाळांपासून अलिप्त राहतो, त्याला मराठी वा इंग्रजीची विशेष आवड दिसत नाही, अशा आशयाची नोंद करून ते पुढे सरकतात.

ही नोंद करणाऱ्या जोतीरावांचे स्वतःचे शिक्षण एका मुसलमान शेजाऱ्यामुळे पुढे चालू राहिले होते. मुलगा शिकला तर बिघडेल, असे कोणीतरी सांगितल्यावरून गोविंदरावांनी जोतीला शाळेतून काढून मळ्यात नेले. उर्दू-फारसीचे शिक्षक गफ्फार बेग मुनशी आणि लिजिट साहेब यांनी त्यांची समजूत घातली आणि १८४१ साली जोतीराव स्कॉटिश मिशनच्या शाळेत दाखल झाले. मुलाची शिकण्याची इच्छा त्याच्या एकट्याच्या मनात जन्मत नाही. ती शेजारात, घरात, बाजारात घडते किंवा मोडते. मग हाच न्याय मुसलमान मुलाला लावून जोतीरावांचे ते ‘का कोण जाणे’ उलगडायला काय हरकत आहे?

सरकारकडे याचे एक तयार उत्तर होते. आयोगाचे अध्यक्ष विल्यम विल्सन हंटर यांनी १८७१ साली ‘द इंडियन मुसलमान्स’ हे पुस्तक लिहिले होते. सत्ता गेली, १८३७ नंतर फारसीचे कचेरीतले स्थान गेले, सरकारी नोकऱ्या दुसऱ्यांच्या हाती गेल्या, आणि नव्या शाळेत आपल्या धर्माला जागा नाही म्हणून मुसलमान रुसून बसला, असे त्यातले चित्र. आपले विवेचन खालच्या बंगालपुरते आहे, असे हंटरसाहेबांनी स्वतःच त्यात म्हटले आहे. पण पुस्तकाचे नाव मोठे, आणि वाचणाऱ्यांना तेवढे पुरले! बंगालच्या रोग्याची नाडी पाहून लिहिलेले औषध साऱ्या हिंदुस्थानच्या मुसलमानाला लागू पडते, असे गृहीत धरले गेले.

आता हे निदान रत्नागिरी जिल्ह्यातल्या एखाद्या मोहल्ल्याला लावून पाहावे. तिथल्या मुसलमानाकडे जमीनदारी फारशी नव्हती आणि फारसीचा दरबारही नव्हता. आदिलशाहीतदेखील गावपातळीवरचा हिशेब मराठीत, मोडी लिपीत चाले. पेशवाईत तेच, इंग्रजीतही तेच. त्यामुळे १८३७ साली त्याचे काही हिरावले गेले नाही. त्याचा धंदा शेतीचा, मासळीचा आणि मुख्यतः दर्याचा. मुंबई बंदरात जहाजावर खलाशी म्हणून चढायला बिगारी-पहिलीचा दाखला कोणी मागत नसे. चुलता जहाजावर आहे, मामा जहाजावर आहे, त्यांच्या मनीऑर्डरीवर घर चालते आहे, हे पाहत वाढलेल्या मुलाला वर्गात बसून काय मिळणार होते? शिकून कारकून झालेला मुसलमान त्याने पाहिलेलाच नव्हता. ज्या वाटेने आपल्यातला कोणी गेलेला नाही ती वाट पोराला दिसत नाही. याला धर्मवेड म्हणणे सोपे आहे, खरे नाही.

हंटर आयोगाने मुसलमानांच्या शिक्षणाबद्दल १७ शिफारशी केल्या. शिष्यवृत्त्या, मुसलमान शिक्षकांसाठी नॉर्मल स्कूल, मुसलमान तपासणी अधिकारी अशा त्यांतल्या अनेक चांगल्याच होत्या. आपल्या विषयाच्या दृष्टीने महत्त्वाची शिफारस भाषेची. प्राथमिक व मिडल शाळांत मुसलमानांच्या शिक्षणाचे मुख्य माध्यम हिंदुस्थानी असावे. जिथे त्या समाजालाच दुसरी भाषा हवी असेल तिथे ती ठेवावी. हा अपवाद शहाणपणाचा होता. पण कोकणातल्या शेतकऱ्याला किंवा खलाशाला ‘तुला कोणती भाषा हवी?’ असे विचारायला कोण गेले होते? समाजाच्या वतीने बोलणारे मुंबईत होते.

मुंबईची गरज वेगळी होती, हेही प्रामाणिकपणे सांगितले पाहिजे. तिथे बोहरा, खोजा, मेमन, कोकणी असे निरनिराळ्या बोलींचे मुसलमान एकत्र राहत. बद्रुद्दीन तय्यबजी यांच्या गुजराती बोलणाऱ्या घराण्याने तर जाणीवपूर्वक उर्दू स्वीकारली होती. त्यांनी बंधू कमरुद्दीन, कोकणी पुढारी नाखुदा महंमद अली रोगे आदींच्या साथीने १८७४ मध्ये अंजुमन-ए-इस्लाम स्थापन केली आणि १८८० मध्ये तिची शाळा सुरू झाली. शाळेत आपली भाषा आहे, आपला दीन आहे, म्हणून बापाचा हात पोराला सोडायला तयार झाला. हे काम मोठे होते. मला वाटते, उर्दू शाळेने मुलाला वर्गात आणून बसवले याचे श्रेय तिच्या कठोर टीकाकारांनीही द्यायला हवे.

पण कोकणातल्या मुलाच्या वाट्याला काय आले? घरात कोकणी बोली, म्हणजे मराठीचीच बहीण. फजरनंतर मशिदीत अरबी सिपारा. शाळेत उर्दू. तलाठ्याचे दप्तर मोडीत, बाजार मराठीत, आणि वर चढायचे तर इंग्रजी. एवढ्याशा पोराने इतक्या लिप्या सांभाळायच्या, आणि त्यांतली एकही त्याच्या आईच्या बोलीसाठी नाही! आईशी ज्या भाषेत भांडतो तिच्यात तो एक वाक्यही लिहायला शिकला नाही.

कोल्हापुरात मात्र निराळे घडले. शाहू महाराजांनी १९०६ साली मोहमेडन एज्युकेशन सोसायटी स्थापून तिचे अध्यक्षपद स्वतःकडे घेतले. मुसलमान मुलांसाठी बोर्डिंग निघाले. गावाकडून आलेल्या पोराला जेवण, अंथरूण आणि त्याच्यासारखीच शिकणारी दहा पोरे भोवती मिळाली. दर्ग्याला जाणारा, घरी मराठी बोलणारा तिथला मुसलमान शिक्षणाचा शत्रू कधी नव्हताच. त्याला राहायला जागा नव्हती. महाराजांनी कुराणाचे मराठी भाषांतर करवून घेण्यासाठी पैसा खर्च केला, त्यामागेही हीच जाण असावी.

चिपळूणजवळच्या मिरजोळीत १९३२ साली जन्मलेल्या हमीद दलवाईंनी लिहिण्यासाठी मराठी निवडली आणि मुसलमान मुलांनी प्रांतभाषेतून शिकावे, असा आग्रह धरला. त्यांच्या सगळ्या मतांशी सहमत व्हायची गरज नाही. पण हा प्रश्न त्यांनी मोहल्ल्याच्या आतून विचारला, हे विसरता येत नाही.

आणि आज? २००६ च्या सच्चर समितीच्या अहवालाने मदरशात जाणारी मुले जेमतेम ४ टक्के असल्याचे दाखवून दिले. २००१ च्या जनगणनेत महाराष्ट्रातल्या मुसलमानांची साक्षरता ७८.१ टक्के होती, राज्याची ७६.९. म्हणजे शाळेचा उंबरठा आपण ओलांडला आहे. गळती होते ती पुढच्या पायऱ्यांवर. शिकूनही नोकरी मिळणार नाही असे आईबापांना वाटते, हेही त्याच अहवालात आहे.

आणि भाषेची पायरी आहेच. दहावीपर्यंत ज्याला मुलगा ‘मुसल्लस’ म्हणत होता तो बाजारातल्या मराठी गाइडात ‘त्रिकोण’ असतो आणि अकरावीच्या सायन्सच्या वर्गात अचानक ‘ट्रँगल’ होतो. गणित त्याला येत असते. सर विचारतात तेव्हा तो मागच्या बाकावर मान खाली घालून बसतो, आणि दिवाळीनंतर त्या बाकावर दुसराच कोणीतरी दिसतो.