मक्रणपूर परिषद आणि ‘जय भीम’

छत्रपती संभाजीनगर जिल्ह्यातील कन्नडजवळचे मक्रणपूर हे आंबेडकरी चळवळीचे ऐतिहासिक ठिकाण आहे. ३० डिसेंबर १९३८ रोजी येथे मराठवाड्यातील पहिली दलित परिषद भरली. आयोजक होते भाऊसाहेब मोरे आणि मार्गदर्शन केले डॉ. बाबासाहेब आंबेडकर यांनी.

मराठवाडा तेव्हा निजामाच्या हैदराबाद संस्थानात होता. संस्थानात बाबासाहेबांना प्रवास करता येई, पण भाषणाला बंदी होती. शिवना नदी ही हद्द. पलीकडचे मक्रणपूर ब्रिटिश अमलाखाली होते, म्हणून सभेसाठी तेच निवडले गेले. निजामाच्या पोलिसांना न जुमानता आपली माणसे नदी ओलांडून आली. खानदेश आणि विदर्भातूनही लोक आले.

प्रत्येक समाज आपल्या दैवताच्या नावाने एकमेकांना अभिवादन करतो. आपल्याला वाट दाखवली बाबासाहेबांनी, तेव्हा यापुढे आपण ‘जय भीम’ म्हणू, असे भाऊसाहेबांनी या परिषदेत सुचवले. तसा ठरावही झाला. विदर्भात या अभिवादनाचा मान कामठीच्या बाबू हरदास यांना दिला जातो. आम्ही दोघांचेही ऋण मानतो.

या दोन शब्दांनी काय बदलले? त्याआधी महाराने वरच्या जातीच्या माणसापुढे वाकून ‘जोहार’ घालायचा, अशी रीत होती. त्याला उलट जोहार मिळत नसे. ‘जय भीम’चे उत्तर मात्र ‘जय भीम’ हेच. म्हणणारा आणि ऐकणारा एकाच पायरीवर उभे राहतात. नदीपलीकडून घरी परतलेल्या लोकांनी ही बरोबरी आपापल्या गावात नेली.

१९४८ मध्ये निजामाची राजवट संपली. १९५० मध्ये बाबासाहेबांच्या पीपल्स एज्युकेशन सोसायटीने औरंगाबादेत महाविद्यालय सुरू केले, तेच आजचे मिलिंद. ज्यांच्या आईवडिलांना अक्षरओळख नव्हती, अशी खेड्यापाड्यांतली मुले तिथे पदवीधर झाली.

ही बरोबरी सर्वांना रुचली नाही. २७ जुलै १९७८ रोजी विधिमंडळाने मराठवाडा विद्यापीठाच्या नामांतराचा ठराव केला आणि गावोगावी आपल्या वस्त्या जाळल्या गेल्या. नामविस्तारासाठी १४ जानेवारी १९९४ उजाडावा लागला. तरीही ‘जय भीम’ म्हणणे थांबले नाही.

दरवर्षी ३० डिसेंबरला मक्रणपूरला परिषदेचा स्मृतिदिन साजरा होतो. आपण मुलाबाळांना घेऊन तिथे जावे आणि नदीची ती हद्द त्यांना दाखवावी.