उडदाचा वडा आणि तुटलेलं जग

परवा शनिवारी घरी उडदाचे वडे केले. जव्हार-मोखाड्याकडे सणाला, लग्नाला करतात तसले. सालाची डाळ रात्रभर भिजवली, सकाळी चोळून सालं काढली, मिरची-लसूण घालून भरड वाटली. पहिला घाणा पार फसला! मिक्सरमध्ये पाणी जास्त झालं, वडे तेल प्यायले. दुसऱ्या वाटणाला नुसता पाण्याचा हबका मारला, तेव्हा कुठे जमलं.

तेल मात्र खुरासणीचंच. आणि इथेच डोक्यात किडा वळवळला. हा भाग म्हणजे 'जगापासून तुटलेला', असं म्हणून आपण शहरातली मंडळी मोकळे होतो. पण वडा बघा ना. उडीद अस्सल भारतीय. खुरासणी नावावरून इराणी वाटते, पण मूळची इथिओपियाची. (तिथल्या वावरातली नागलीही पूर्व आफ्रिकेचीच, काही हजार वर्षांपूर्वी आलेली.) मिरची अमेरिकेची; सोळाव्या शतकात पोर्तुगीजांबरोबर भारतात आली. डोंगर उतरून किनाऱ्याला लागलं की वसई, आणि ती १५३४ ते १७३९ त्यांच्याच ताब्यात होती!

म्हणजे त्याआधीचा वडा बिनमिरचीचा. थोडी डाळ बाजूला ठेवून, मिरी घालून तोही तळला. आईने एक खाल्ला नि म्हणाली, "मिरची विसरलास का रे?"