उमरठचा तानाजी आणि हिंदी चित्रपटाचे संकेत

पोलादपूर तालुक्यातील उमरठ हे तानाजी मालुसऱ्यांचे गाव. ४ फेब्रुवारी १६७० च्या सिंहगड-प्रसंगावर १९२३ साली बाबूराव पेंटर यांनी मूकपट काढला, १९३३ मध्ये प्रभातचा मराठी बोलपट आला आणि २०२० मध्ये ओम राऊत दिग्दर्शित ‘तान्हाजी’ हा हिंदी चित्रपट. या शेवटच्या चित्रपटातील अतिरंजनाचे खापर हिंदी चित्रसृष्टीवर फोडले जाते. ते कितपत न्याय्य आहे, हे पाहणे उद्बोधक ठरेल.

सभासद बखरीतील वृत्तांत त्रोटक आहे. पाचशे निवडक मावळे, रात्रीची कड्यावरील चढण, तानाजी व उदेभान यांचे द्वंद्व आणि दोघांचाही अंत, एवढाच त्याचा गाभा. रायबाचे लग्न, जिजाबाईंचा सोंगट्यांचा डाव व घोरपड तेथे नाही. ही भर शाहीर तुळशीदासाच्या पोवाड्याची. १८९१ मध्ये अॅक्वर्थ व शाळिग्राम यांनी तो छापून प्रसिद्ध केला. उदेभानाचे राक्षसी रूप आणि त्याचा चंद्रावळी हत्ती हीही शाहिराचीच निर्मिती होय. उदेभानाच्या बंदिवासातील राजपूत स्त्री हरि नारायण आपटे यांच्या ‘गड आला पण सिंह गेला’ या कादंबरीतून आली. म्हणजे लांबणीवर पडलेले मंगलकार्य, अक्राळविक्राळ खलपुरुष व संकटात सापडलेली अबला हे लोकप्रिय हिंदी चित्रपटाचे मानले जाणारे संकेत या कथेत मराठी परंपरेनेच आधी रुजविले होते. चित्रपटाने त्यांना गीत, नृत्य व ‘नागीण’ तोफेची जोड दिली.

मग हिंदी चित्रपटाचे स्वतःचे कर्तृत्व कोणते? ते कथेच्या शेवटात दिसते. बखरीप्रमाणे नायक पडल्यानंतर त्याचा भाऊ सूर्याजी हिंमत धरून मागे उरलेल्या मावळ्यांना सावरतो आणि गड घेतो. चित्रपटात मात्र खलनायकाचा वध नायकाच्याच हातून होतो आणि विजय सिद्ध झाल्यावरच तो प्राण सोडतो. नामांकित नटाभोवती उभारलेल्या कथेला नायकाविना जिंकलेली लढाई परवडत नाही. प्रेक्षकाला हवे असलेले समाधान यातून लाभते. परंतु निर्नायकी झालेले सैन्य पुन्हा उभे राहिले, हा या प्रसंगातील सर्वांत अर्थपूर्ण भाग झाकला जातो.

अभ्यासकाने तोफ किंवा घोरपड खरी की खोटी, एवढ्यावरच थांबू नये. कथेचा प्रत्येक थर कोणत्या काळी व कोणत्या श्रोत्यांसाठी चढला, हे त्याने तपासावे. तसे केल्यास उमरठच्या एका मालुसऱ्याच्या तेजात दुसरा मालुसरा दिसेनासा होणार नाही.