प्रक्षोभक राजकीय भाषण : स्वातंत्र्याची सीमा कोठे?

लोकशाहीत सरकारवर कठोर, कटू, प्रसंगी एकांगी टीका करणे हा गुन्हा नव्हे. हिंसेला किंवा समाजगटांतील वैराला चिथावणी देणे हा मात्र गुन्हा आहे. या दोहोंमधील सीमारेषा आखणे हे न्यायव्यवस्थेचे अवघड काम आहे.

ब्रिटिश अमदानीत ही रेषा सत्तेच्या सोयीने ओढली जाई. सरकारविषयी ‘अप्रीती’ निर्माण करणे एवढेही राजद्रोह ठरण्यास पुरेसे होते. ‘केसरी’तील लिखाणाबद्दल लोकमान्य टिळकांना १८९७ मध्ये दीड वर्षाची आणि १९०८ मध्ये सहा वर्षांची शिक्षा झाली, ती याच कलमाखाली.

राज्यघटनेच्या १९व्या अनुच्छेदाने भाषणस्वातंत्र्य दिले. १९५१ च्या पहिल्या घटनादुरुस्तीने त्यावरील निर्बंधांच्या कारणांत सार्वजनिक सुव्यवस्था व अपराधास चिथावणी यांची भर घातली. मात्र निर्बंध ‘वाजवी’ असावेत, ही अटही घातली. केदारनाथ सिंह खटल्यात (१९६२) सर्वोच्च न्यायालयाने राजद्रोहाचे कलम वैध ठरवले, पण हिंसा वा अव्यवस्था माजवण्याचा हेतू किंवा प्रवृत्ती असलेल्या वक्तव्यांपुरतेच. बलवंत सिंह खटल्यात (१९९५) केवळ काही घोषणा दिल्या, त्यातून गडबड झाली नाही, म्हणून आरोपी निर्दोष सुटले.

निवडणुकीच्या काळात मर्यादा अधिक काटेकोर असतात. विलेपार्ले येथील १९८७ च्या पोटनिवडणुकीत धर्माच्या नावाने मते मागितल्यामुळे डॉ. रमेश प्रभू यांची निवड रद्द झाली. १९९५ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने तो निर्णय कायम केला. याच प्रकरणी बाळासाहेब ठाकरे यांचा मताधिकार सहा वर्षांसाठी काढून घेण्यात आला.

१ जुलै २०२४ पासून भारतीय न्याय संहिता लागू आहे. तिच्या १९६व्या कलमान्वये गटांमध्ये वैर वाढवणाऱ्यास तीन वर्षांपर्यंत कैद होऊ शकते. इम्रान प्रतापगढी प्रकरणात (२०२५) सर्वोच्च न्यायालयाने स्पष्ट केले, की शब्दांचा परिणाम खंबीर मनाच्या, विचारी माणसाच्या दृष्टीने जोखावा. प्रत्येक टीकेत धोका पाहणाऱ्याच्या दृष्टीने नव्हे.

एक दुबळा दुवा मात्र उरतोच. या कलमाखालील गुन्ह्याची दखल घेण्यास न्यायालयाला शासनाची पूर्वमंजुरी लागते. त्यामुळे सत्ताधारी पक्षाच्या वक्त्याला अभय आणि विरोधकावर तत्पर कारवाई, असा भेद घडू शकतो. कायदा सर्वांना सारखा लागला, तरच ही सीमारेषा लोकांना मान्य होईल.