चेहऱ्याची साक्ष

प्रवासाला निघणाऱ्या माणसाजवळ राजाची चिठ्ठी असावी, ही रीत फार जुनी आहे. यरुशलेमचा पडलेला तट पुन्हा बांधण्यासाठी नहेम्या निघाला, तेव्हा नदीपलीकडील अधिकाऱ्यांनी आपल्याला जाऊ द्यावे म्हणून त्याने पारसाच्या राजाकडून त्यांच्या नावे पत्रे मागून घेतली. जुन्या करारात त्याच्या ग्रंथाच्या दुसऱ्या अध्यायात ही हकीकत आली आहे. पासपोर्टच्या इतिहासाचा आरंभ पुष्कळ अभ्यासक येथूनच करतात. त्या पत्रांना राजाच्या शब्दाचे वजन होते, पण ती वाहून नेणाऱ्याचा चेहरा त्यांवर नव्हता. पुढची सुमारे तेवीसशे वर्षे प्रवासाची कागदपत्रे अशीच बिनचेहऱ्याची राहिली.

आज आपल्या धर्मग्रामातील एखादी आजी मुलाकडे मस्कतला किंवा लेकीकडे लंडनला जाण्यासाठी पासपोर्ट काढू लागली, तर ती टपाल कार्यालयातील केंद्रात एका खुर्चीवर बसते, समोरच्या कॅमेऱ्याकडे क्षणभर पाहते आणि तिचा चेहरा सरकारदरबारी नोंदला जातो. ज्या टपाल खात्याने एके काळी तिच्या हाती मनीऑर्डरचे पैसे ठेवले, तेच आता तिचे छायाचित्र काढते. हा चेहरा कागदावर कसा आला, तो कागद टपाल कार्यालयापर्यंत कसा पोहोचला आणि आपल्या किनाऱ्यावरच्या कुटुंबांशी त्याचा संबंध काय, याचा मागोवा घेण्याचे आम्ही येथे योजिले आहे.

एकाच वर्षीची दोन रोपे

छायाचित्रणाची कला १८३९ साली पॅरिसमध्ये जगापुढे आली. १८५४ साली मुंबईत फोटोग्राफिक सोसायटी स्थापन झाली. त्याच वर्षी ऑक्टोबर महिन्यात हिंदुस्थानातील टपालव्यवस्थेची नवी घडी बसली आणि अंतर कितीही असले तरी हलक्या पत्रास अर्ध्या आण्याचा एकच दर सर्व देशभर लागू झाला. पत्र आणि छायाचित्र या दोन्ही गोष्टी सामान्य माणसाच्या आवाक्यात येण्याचा प्रवास असा एकाच वर्षी सुरू झाला.

मुंबईतील आद्य एतद्देशीय छायाचित्रकारांत हरिश्चंद्र चिंतामण यांचे नाव घेतले जाते, तसेच डॉ. नारायण दाजी यांचेही घेतले जाते. नारायण दाजी हे विख्यात डॉ. भाऊ दाजी लाड यांचे बंधू. भाऊ दाजींचा जन्म पेडणे महालातील मांद्रे गावचा. तेरेखोल नदी ओलांडली की वेंगुर्ले तालुका लागतो, म्हणजे हे घराणे आपल्या अगदी शेजारचे. असे असले तरी छायाचित्र आपल्या खेड्यापाड्यांत रुळायला फार काळ गेला. फोटो काढल्याने आयुष्य घटते, हा समज कित्येक घरांत होता. लग्नाच्या दिवशी एक फोटो काढला तर काढला, अशीच बहुतेकांची रीत होती.

युद्धाने आणलेला चेहरा

छायाचित्र पासपोर्टवर आले ते महायुद्धामुळे. पूर्वी प्रवाशाचे वर्णन शब्दांत लिहीत: कपाळ रुंद, नाक मोठे, वर्ण सावळा. अशा वर्णनात हजार माणसे बसत. १९१४ साली कार्ल हान्स लोडी नावाचा एक जर्मन हेर एका अमेरिकन नागरिकाच्या पासपोर्टवर, त्याच्याच नावाने, इंग्लंडमध्ये वावरत होता. तो पकडला गेला आणि त्या वर्षी ६ नोव्हेंबर रोजी लंडनच्या टॉवरमध्ये त्याला गोळ्या घालण्यात आल्या. त्यानंतर अमेरिकेने पासपोर्टवर छायाचित्र सक्तीचे केले आणि १९१५ साली ब्रिटननेही तेच केले. आरंभी नियम सैल होते. कोणी टोपी घातलेला, तर कोणी सहकुटुंब काढलेला फोटोही पाठवून देई. १९२० साली राष्ट्रसंघाच्या विद्यमाने पॅरिसमध्ये परिषद भरली आणि पासपोर्टच्या पुस्तिकेला एकसारखे रूप देण्याचे ठरले.

हिंदुस्थानात युद्धकाळी, १९१५ च्या भारत संरक्षण कायद्याच्या आधारे, देशाबाहेर जाण्या-येण्यासाठी पासपोर्ट सक्तीचा झाला. १९२० साली त्यासाठी स्वतंत्र कायदा आला. युद्ध संपले, परंतु युद्धाची ही सोय कायमची होऊन बसली. संशयापोटी जन्मलेल्या या कागदाने पुढे कोट्यवधी प्रामाणिक माणसांची पोटे भरली, हे मात्र इतिहासाचे नवल म्हटले पाहिजे.

समुद्र, सीमा आणि आपली माणसे

आपला प्रदेश मुळातच जाणाऱ्यांचा. भाताची एकपिकी शेती, कातळ, आणि मिळकतीच्या मानाने खाणारी तोंडे जास्त. म्हणून कोणी मुंबईच्या गिरणीत गेला, तर कोणी आगबोटीवर. मुंबईच्या धोबीतलावच्या कूडांमध्ये बिछाना टाकून बोटीची वाट पाहणारे तारवटी हे गोवा आणि त्याच्या शेजारच्या टापूतील ख्रिस्ती कुटुंबांचे आधारस्तंभ होते. बोटीवरच्या नोकरीचा दाखला, ज्याला खलाशी ‘नळी’ म्हणत, तो त्यांचा जीव की प्राण. घरी येत ती मनीऑर्डर. टपाल खात्याने १८८० साली मनीऑर्डर सुरू केली आणि कोकणाच्या अर्थव्यवस्थेला ‘मनीऑर्डरची अर्थव्यवस्था’ हे नावच पडून गेले. पोस्टमन हा गावातला सर्वांत वाट पाहिला जाणारा माणूस झाला.

परदेश म्हणजे केवळ दूरचे देश, असेही आपल्याकडे नव्हते. आपल्यापैकी पुष्कळ घराण्यांची मुळे गोव्यात. माहेर एकीकडे आणि सासर दुसरीकडे, अशी नाती सावंतवाडी व पेडणे-बार्देश यांच्यामध्ये पिढ्यानपिढ्या चालत आली. १९५४ पासून भारत आणि पोर्तुगीज गोवा यांच्यातील ये-जा परवान्यांच्या जाळ्यात सापडली. १५ ऑगस्ट १९५५ रोजी गोव्यात शिरणाऱ्या सत्याग्रहींवर पोर्तुगीजांनी गोळीबार केला. बांद्याजवळच्या पत्रादेवीला त्या दिवशी सांडलेल्या रक्ताचे स्मारक आजही उभे आहे. त्यानंतर सीमा जवळजवळ बंदच झाली. हाकेच्या अंतरावरचे फेस्त आणि नात्यातील मरण या दोहोंच्या आड कागद आला. १९ डिसेंबर १९६१ रोजी गोवा मुक्त झाला आणि ती रेघ पुसली गेली. कागद नसला म्हणजे काय होते, हे आपल्या वडीलधाऱ्यांनी परदेशी न जाताच अनुभवले होते.

मेहेरबानी नव्हे, हक्क

स्वातंत्र्यानंतरही पासपोर्ट देणे न देणे सरकारच्या मर्जीवर होते. एप्रिल १९६७ मध्ये सतवंतसिंग सोहनी यांच्या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने निर्णय दिला की, परदेशी जाण्याचा हक्क हा घटनेच्या २१ व्या कलमातील व्यक्तिस्वातंत्र्याचाच भाग आहे. कायद्याचा आधार नसताना तो नाकारता येणार नाही. लगोलग त्याच वर्षी जून महिन्यात संसदेने पासपोर्टचा कायदा केला. १९७८ साली मनेका गांधी खटल्यात न्यायालयाने पुढचे पाऊल टाकले: पासपोर्ट काढून घेण्याची रीतही न्याय्य असली पाहिजे.

हे निर्णय दिल्लीत झाले, परंतु त्यांचे महत्त्व आपल्याकडे अधिक. १९७३ नंतर खनिज तेलाचे भाव वाढले, आखाती देशांत कामे निघाली आणि आपले सुतार, फिटर, स्वयंपाकी, परिचारिका तिकडे निघाल्या. १९८३ च्या स्थलांतर कायद्याने कमी शिकलेल्या कामगारांच्या पासपोर्टवर सरकारी मंजुरीची अट आली. हेतू संरक्षणाचा होता, पण अटींची गुंतागुंत पाहून दलालांचे फावले. फॉर्म भरण्याचे पैसे, ओळखीच्या प्रमाणपत्राचे पैसे, मुंबईच्या खेपांचा खर्च, आणि फोटो नापसंत झाला तर पुन्हा फोटोचे पैसे. कित्येकांच्या पहिल्या पगाराआधी घरातले सोने गहाण पडले.

ऑगस्ट १९९० मध्ये इराकने कुवेत गिळंकृत केले, तेव्हा तेथून सुमारे पावणेदोन लाख भारतीयांना परत आणावे लागले. त्यांतील बहुतेक अम्मानमार्गे विमानाने आले. पासपोर्ट मालकाच्या कपाटात ठेवून देण्याची तिकडची वहिवाट किती घातक आहे, हे अशा वेळी कळते. १९६७ च्या कायद्याचे १७ वे कलम सांगते की, पासपोर्ट ही भारत सरकारची मालमत्ता आहे. ती कोणा मालकाकडे गहाण ठेवण्याची वस्तू नव्हे. घरातले मूल परदेशी निघाले की ही गोष्ट त्याला शिकवून पाठवावी.

टपाल कार्यालयातील खुर्ची

जुन्या पासपोर्टात हस्ताक्षराने तपशील लिहीत आणि फोटो डिंकाने चिकटवीत. डिंक सोडवून दुसऱ्याचा फोटो लावणाऱ्या लबाडांचे त्यामुळे सोपे झाले. आंतरराष्ट्रीय नागरी विमान वाहतूक संघटनेने यंत्राने वाचता येतील अशा पासपोर्टांचा आग्रह धरला आणि २४ नोव्हेंबर २०१५ ही हस्तलिखित पासपोर्टांची अखेरची मुदत ठरली. चिकटवलेल्या फोटोची जागा कागदातच छापलेल्या प्रतिमेने घेतली. २०१० पासून आपल्या देशात पासपोर्ट सेवा केंद्रे सुरू झाली होती. तेथे अर्जदाराचे छायाचित्र आणि बोटांचे ठसे जागेवरच घेतले जाऊ लागले. २०१२ पर्यंत देशात अशी ७७ केंद्रे झाली. ती बहुतेक मोठ्या शहरांत असल्याने खेड्यातल्या माणसाची खेप काही चुकली नाही.

ती उणीव भरून काढण्यासाठी परराष्ट्र मंत्रालय आणि टपाल खाते एकत्र आले. २५ जानेवारी २०१७ रोजी म्हैसूर आणि दाहोद येथील टपाल कार्यालयांत पहिली केंद्रे उघडली. आज देशात अशी चारशेहून अधिक केंद्रे आहेत. रीत साधी आहे. अर्ज आणि शुल्क संगणकावरून भरायचे, ठरलेल्या दिवशी मूळ कागदपत्रे घेऊन जायचे. फोटो तेथेच काढतात, त्याचे निराळे पैसे नाहीत. चार वर्षांखालील बालकाचा फोटो मात्र पालकांनी सोबत न्यावा लागतो, कारण तान्ह्या बाळाला कॅमेऱ्यापुढे स्थिर कोण बसवणार? पाठीमागे पांढरा पडदा असतो म्हणून पांढरे कपडे टाळावेत. धर्मभगिनींनी शिरोवस्त्राची चिंता करू नये. कपाळापासून हनुवटीपर्यंत चेहरा स्पष्ट दिसला म्हणजे झाले. पुढे पोलिसांची चौकशी होते आणि तयार पासपोर्ट स्पीड पोस्टाने घरी येतो. म्हणजे शेवटची पायरीही पोस्टमनचीच.

नाव आणि चेहरा

चेहऱ्याची अडचण आता उरली नाही, पण नावाची उरली आहे. आपली आडनावे पोर्तुगीज वळणाची. एकाच घरात बापाचे ‘डिसोझा’ एका इंग्रजी स्पेलिंगने आणि मुलाचे दुसऱ्याने. शाळेत मास्तरांनी ऐकले तसे लिहिले, रेशन कार्डावर तलाठ्याने तिसरेच लिहिले, बाप्तिस्म्याच्या नोंदवहीत लॅटिन वा पोर्तुगीज रूप. फर्नांडिसच्या शेवटी कोणते अक्षर, एवढ्यावरून अर्ज अडून पडतात.

ट्रेंट येथील महासभेने १६ व्या शतकात नोंदवह्या ठेवण्याची शिस्त ख्रिस्तसभेला लावली. जन्ममृत्यूच्या सरकारी नोंदणीचा आजचा कायदा १९६९ चा. त्याआधी जन्मलेल्या आमच्या कित्येक धर्मग्रामस्थांच्या वयाचा लेखी पुरावा म्हणजे त्या नोंदवहीतील एक ओळच होती. वाळवी आणि दमट हवा यांपासून ती वही जपणे हे केवळ धार्मिक काम नव्हे. कोणाचा तरी उद्याचा प्रवास त्या ओळीवर अवलंबून असतो. म्हणून आमची पालकांना विनंती आहे की, जन्माची सरकारी नोंद विनाविलंब करावी. १ ऑक्टोबर २०२३ रोजी वा त्यानंतर जन्मलेल्यांसाठी तर पासपोर्टला जन्मदाखलाच हवा. बाप्तिस्मा, शाळा आणि सरकार या तिन्ही ठिकाणी नाव एकाच अक्षरांत लिहिले जाईल, हेही पाहावे.

आणखी एक गोष्ट आम्ही वर्षानुवर्षे पाहत आलो आहोत. घरातले वृद्ध माणूस देवाघरी गेले आणि महिन्याच्या मिस्साच्या पत्रिकेसाठी फोटोची शोधाशोध सुरू झाली की, पुष्कळदा हाती लागतो तो पासपोर्टचाच फोटो. ना हसू, ना सणाचे कपडे. समोर पाहणारे दोन डोळे तेवढे. ज्या बाईने आयुष्यभर दुसऱ्यांच्या मनीऑर्डरी घेऊन घर चालवले, तिचा स्वतःचा असा तो एकच फोटो असतो. युद्धकाळात संशयाने मागितलेली ही साक्ष शेवटी तिच्या नातवंडांना आजी कशी दिसत होती ते सांगते. म्हणून टपाल कार्यालयातील त्या खुर्चीवर आईला किंवा आजीला घेऊन जाल, तेव्हा घाई करू नका. तिचे केस नीट विंचरा, पदर सारखा करा, आणि तिला ताठ बसू द्या.