छोट्या पडद्याची मराठी टर

दूरचित्रवाणीच्या ठरीव साच्यांची टर उडवणारा विक्षिप्त विनोद मराठीत उशिरा आला. टर उडवायची तर तो साचा आधी लोकांना तोंडपाठ व्हावा लागतो. ब्रिटनमध्ये निवेदक आणि मुलाखती प्रेक्षकांच्या अंगवळणी पडल्या होत्या. म्हणूनच १९६९ साली सुरू झालेल्या ‘मॉन्टी पायथन्स फ्लाइंग सर्कस’मध्ये निवेदकाचे टेबल उघड्या माळावर मांडता आले.

मुंबई दूरदर्शन २ ऑक्टोबर १९७२ रोजी सुरू झाले. तेव्हा मराठी माणसाला पाठ होते ते कीर्तन. सतीश आळेकरांच्या ‘महानिर्वाण’ (१९७४) नाटकात मेलेला भाऊराव स्वतःच्याच मरणावर कीर्तन करतो. दूरदर्शनवर ‘गजरा’ या कार्यक्रमातून प्रहसने आली, पण हे माध्यमच अजून नवलाईचे होते.

१९९९ मध्ये अल्फा मराठी आणि २००० मध्ये ईटीव्ही मराठी या वाहिन्या आल्या आणि दैनंदिन मालिका घरोघरी पोचल्या. सासूने वळून पाहिले की ढॅण्‌ असा आवाज, तोच चेहरा तीनदा, आणि ऐन मोक्याला भाग संपणार, हे पोरासोरांनाही ठाऊक झाले.

झी मराठीवर २०१४ साली सुरू झालेल्या ‘चला हवा येऊ द्या’ने या ओळखीचा पुरेपूर उपयोग केला. ‘थुकरटवाडी’ या काल्पनिक गावात भाऊ कदम, कुशल बद्रिके, सागर कारंडे साडी नेसून नायिका व्हायचे आणि पाहुणे म्हणून आलेले कलाकार समोर बसून आपल्याच कामाची नक्कल पाहायचे. गौळणीतली मावशी पुरुषाने करायची, ही तमाशाची जुनी रीत इथे कामी आली. भारत गणेशपुरे यांनी वऱ्हाडी ठसका आणला. त्यामुळे अमरावतीपासून वाशीम जिल्ह्यातल्या धनजपर्यंतची बोली वाहिनीवर ऐकू आली. मात्र हा कार्यक्रम नव्या चित्रपटांच्या प्रसिद्धीचाही मंच होता, त्यामुळे पाहुण्यांची थट्टा जिव्हाळ्याचीच राही.

ती मर्यादा यूट्यूबवर सुटली. सारंग साठये, अनुषा नंदकुमार आणि पॉला मॅकग्लिन यांच्या ‘भाडिपा’ या वाहिनीने २०१६ मध्ये ‘कास्टिंग काउच विथ अमेय अँड निपुण’ आणले. पुण्याच्या प्रायोगिक रंगभूमीवरून आलेले अमेय वाघ आणि निपुण धर्माधिकारी त्यात स्वतःचीच अर्कचित्रे रंगवत. मुलाखतकार अडाणी, प्रश्न भलतेच आणि पाहुणा अवघडलेला. नक्कल एखाद्या मालिकेची नव्हती. तारे-तारकांच्या मुलाखतीचा साचाच मोडीत निघाला होता.